‘ओल्या पायऱ्या’वरचा खटला

तेलवाल्याच्या घरी अंधार

ही गंमत कुणी मुद्दाम जुळवून सांगितली असती, तर वयलक्करा गावाने ती हसून सोडून दिली असती. पण ती खरी होती. अच्युतनचा खोबऱ्याच्या तेलाचा घाणा होता. अर्ध्या गावाची सांजवात त्याच्या तेलावर जळायची, आणि त्याच्याच ओसरीवरची समई महिनाभर कोरडी होती. त्याची बायको तंकमणी ती लावत नव्हती. घरात भांडण नाही, दुखणं नाही, सुतक नाही. संध्याकाळी ती आंघोळ करायची, धुतलेलं नेसायची, समई घासूनपुसून जागेवर ठेवायची आणि शेजारी पायरीवर बसून राहायची. अंधार पडला की उठून स्वयंपाकाला लागायची. बस्स.

गावाची यावर तीन मतं होती. ज्योतिषी शंकुण्णीने कवड्या मांडून सांगितलं, की अंगात काहीतरी शिरलंय आणि ते बाहेरगावचं आहे. औषधाच्या दुकानातल्या वर्कीने सांगितलं, की यावर गोळी आहे, लहान असते, गुलाबी असते, झोप छान लागते. कॉम्रेड बालन म्हणाले, “हे मध्यमवर्गीय नैराश्य. जमीन नाही, लढा नाही, मग माणूस समईशी भांडतो.”

चौथं मत खुद्द अच्युतनचं. तो म्हणाला, पुस्तकामुळे झालं.

ते पुस्तक दिलं होतं

पंकजाक्षीने. पन्नाशीची, उंच, चालताना एका खांद्यावर कललेली. कललेली, कारण त्या खांद्याला वर्षानुवर्षं पुस्तकांची पिशवी. गावच्या वाचनालयात पुरुष जाऊन बसत, पेपर वाचत, कॅरम खेळत, जगाचं काय होणार यावर वाद घालत. बायका जात नसत. मनाई नव्हती कुणाची, पण जात नसत. म्हणून पंकजाक्षी दुपारी जेवणं उरकली की घरोघर पुस्तकं घेऊन जायची. जुनं घ्यायचं, नवं द्यायचं. कार्ड अर्थातच घरच्या कर्त्या पुरुषाच्या नावावर. मागच्या अंगणात आंब्याखाली बसून बायका पुस्तकं चाळत, तिला कोरा चहा देत आणि चेची, म्हणजे ताई, म्हणून सांगत, “चेची, रडवणारं द्या.” “चेची, हे नको, यात नुसतं राजकारण आहे, ते घरात फुकट मिळतं.”

तंकमणी म्हणाली होती, “काहीतरी हलकं द्या. झोप येईल असं.”

पिशवीत हलकी पुस्तकं होती. पंकजाक्षीचा हात त्यांच्यावरून गेला आणि ‘ओल्या पायऱ्या’वर थांबला. तिने तेच दिलं.

‘ओल्या पायऱ्या’त काय आहे

ते इथेच सांगून टाकू, म्हणजे मागाहून कुणी अडायला नको. एक माणूस आहे. तरुणपणी त्याने देवळात पूजा केली, मग देव सोडून लाल झेंडा धरला, तुरुंगात गेला, सुटला, शहरात राहिला, तिथे त्याच्या डोक्यावर उपचार झाले. कादंबरी सुरू होते तेव्हा तो गावी परत येऊन देवळाच्या तळ्याच्या पायऱ्यांवर बसला आहे. बसलाच आहे. पुजारी येऊन विचारतो, जुने सोबती येऊन विचारतात, बहीण डबा घेऊन येते. तो त्यांच्याशी नीट बोलतो, जेवतो, विनोदसुद्धा करतो. फक्त उठत नाही. शेवटच्या पानावर त्याचा पाय पाण्याच्या वर आहे. पाण्यात पडतो की मागे येतो, ते लेखकाने लिहिलेलं नाही.

पंकजाक्षीने ती वर्षापूर्वी वाचली होती. तेव्हापासून ती पिशवी घेऊन चालताना त्या माणसाशी भांडायची. ऊठ की रे, म्हणायची. पण पुस्तकाबद्दल दुसऱ्या कुणाशी बोलायचं तर त्याने ते वाचलेलं लागतं. पुरुषांतल्या दोघांनी नेलं आणि अर्ध्यावरून परत केलं. “यात काही होतच नाही,” असं म्हणून. तंकमणीला तिने ते औषध म्हणून दिलं नव्हतं. तिला सोबत हवी होती.

(मागच्या अंगणातलं बोलणं, जसं झालं तसं)

“वाचलंस?”

“वाचलं. दोनदा.”

“मग?”

“चेची, आधी हे घ्या. फणसाचे गरे. खा.”

“तंकमणी, लोक काय काय बोलतायत तुझ्याबद्दल.”

“लोकांचं तोंड म्हणजे काय आमचा घाणा आहे, की बैल सोडला की थांबेल?”

“वात का लावत नाहीस तू?”

“सांगते. पण वर न्यायचं नाही.”

“वर म्हणजे?”

“वाचनालयात. अध्यक्ष माशना, बालनना, कुणाला नाही. त्यांच्या हातात दिलं ना, की ते त्याचं काहीतरी करतात.”

“नाही सांगणार.”

“त्या पुस्तकातल्या माणसाची बहीण आहे ना, डबेवाली? ती एकदा म्हणते, मी रोज दिवा लावते म्हणून हे घर उभं आहे. आणि तो हसतो.”

“हो. हसतो.”

“मला राग आला त्याचा. मेला बसून खातो आणि हसतो. मग मला वाटलं, बघू तरी. एक दिवस नाही लावला. नुसतं बघायला.”

“काय झालं?”

“काही नाही.”

“मग झालं तर!”

“तसं नव्हे, चेची. काहीच नाही झालं. लग्न होऊन आले त्या संध्याकाळपासून मी लावतेय. तापात लावली. बाळ गेलं त्याच्या तेराव्यालाही लावली. मला वाटायचं, मी लावते म्हणून बाकीचं सगळं जागेवर आहे. आणि नाही लावली तर काही झालंच नाही. म्हशीने दूध दिलं. घाणा चालला. पहिल्या दिवशी बरं वाटलं, एवढं हलकं वाटलं म्हणून सांगू. दुसऱ्या दिवशी भीती वाटायला लागली.”

“कसली?”

“मग मी इतकी वर्षं काय करत होते?”

पंकजाक्षीने हातातला गरा तसाच धरून ठेवला होता.

“परत लावून बघ,” ती शेवटी म्हणाली.

“हात जात नाही. रोज घासते. काडी धरते. हात जात नाही.”

अच्युतन वाचनालयात आला तेव्हा

घाण्यावरून थेट आला होता, अंगाला खोबऱ्याचा वास, कपाळावर पेंडीची भुकटी. कार्यकारिणी बसली होती. अध्यक्ष कण्णन माश, निवृत्त मास्तर. कुठल्याही गोष्टीला कलम लावल्याशिवाय ते पाणीसुद्धा पीत नसत.

“काय अच्युतन, आज इकडे कुठे वाट चुकलास? बैल सुटला का घाण्याचा?”

“चेष्टा नको, माश. मला खटला लावायचाय.”

वयलक्कराच्या वाचनालयात दर वर्षी वर्धापनदिनाला एका पुस्तकावर खटला भरायची पद्धत होती. करमणूकच ती. छत्रीच्या काळ्या कापडाचा झगा घालून एक जण न्यायाधीश व्हायचा, आरोपी पुस्तक खुर्चीत बसायचं, ज्याने ते वाचकाला दिलं तो त्याचा वकील. लोक केळ्याची भजी खात साक्षी द्यायचे. मागच्या वर्षी एका प्रेमकथेला टाळ्यांच्या गजरात निर्दोष सोडलं होतं. भिंतीवर संस्थापकांनी रंगवून घेतलेला एकच नियम होता: ज्याने वाचलं, त्यानेच बोलावं.

“या वर्षी ‘ओल्या पायऱ्या’ला बसवा,” अच्युतन म्हणाला. “पण खरा खटला. खरा निकाल.”

“खऱ्या निकालाचं तू काय करणार?”

अच्युतनने कपाळ पुसलं. “मोठ्या बहिणीने जीप सांगितलीय, वर्धापनदिनानंतरच्या मंगळवारी. दक्षिणेकडे देवीचं एक देऊळ आहे, तिथे नेणार म्हणतेय. तिथे बायकांना केस सोडून घुमवतात. अंगातलं निघेपर्यंत. मला ते बघवणार नाही, माश. पण करायचं काय? पुस्तकाने केलं असेल तर तसं सांगा. मी बहिणीला सांगेन, पुस्तकाचा दोष होता, पुस्तक गेलं, संपलं. आणि पुस्तकाने केलं नसेल, तर तिच्यातच काहीतरी आहे. मग जीप.”

कोपऱ्यात पुस्तकांना कव्हरं घालत बसलेल्या पंकजाक्षीच्या हातातली कात्री थांबली. तिने मनात दोन्ही बाजू मांडून पाहिल्या. पुस्तक सुटलं तर तंकमणी अडकणार. तंकमणीला सोडवायचं तर पुस्तकाला अडकवायचं. आणि पुस्तकाची वकील ती स्वतः.

“मंजूर,” कण्णन माश म्हणाले. “पण नियमाने. साक्षीदार ज्याच्या नावावर पुस्तक गेलं तो.” त्यांनी कार्डांची पेटी उघडली. “अच्युतन. तूच.”

“मी? मी कुठे वाचलंय!”

“वाचनालयाच्या हिशेबी तू वाचलंयस. नियम भिंतीवर आहे. बोलायचं असेल तर वाचून ये.”

“माश, मी सातवीनंतर पुस्तक हातात धरलेलं नाही!”

“मग तुझी तक्रार बाद.”

बायकोला साक्षीला बोलवावं, हे त्या खोलीत कुणाच्याही डोक्यात आलं नाही. माश दुष्ट नव्हते, बालनही नव्हते. कार्डावर तिचं नाव नव्हतं, एवढंच.

अच्युतनने पुस्तक काखेत मारलं आणि नेलं.

एक वाक्य

त्या आठवड्यात पंकजाक्षी पिशवी घेऊन अच्युतनच्या घरावरून रोज गेली, आणि रोज संध्याकाळी ओसरीवर तिला दोघं दिसली: तंकमणी पायरीवर, आणि अच्युतन आरामखुर्चीत, बोटाने ओळ धरून, ओठ हलवत.

खटला

सुरू झाला दुपारनंतर. मंडपात पुढे पुरुष, मागे बायका, मध्ये भज्यांची परात. आरोपी खुर्चीत, त्याखाली लाल फडकं. झग्यात कण्णन माश. हसणं नेहमीइतकं नव्हतं, कारण जीपची बातमी सगळ्यांना ठाऊक होती. तंकमणी मागच्या रांगेत, पदराचं टोक बोटाला गुंडाळून बसलेली.

माश: शंकुण्णी, तू का उभा?

शंकुण्णी: मला आरोपीच्या ग्रहांबद्दल...

माश: वाचलंस?

शंकुण्णी: कवड्यांवरून कळतं मला.

माश: खाली बस. बालन?

बालन: मी प्रस्तावना वाचलीय. त्यावरून लेखकाची वर्गीय भूमिका...

माश: भजी खा.

(इथे हशा. वर्की उठायच्या बेतात होता, तो तसाच बसला.)

माश: साक्षीदार अच्युतन. वाचलंस?

अच्युतन: शेवटच्या पानापर्यंत.

माश: काय आहे त्यात?

अच्युतन: काही नाही, माश. एक माणूस बसलाय. येणारे-जाणारे विचारतात. तो उठत नाही. मला वाटलं, आता उठेल, मग उठेल. पुस्तक संपलं. मी म्हटलं, पैसे परत द्या. (हशा.)

माश: वाचून तुला काय झालं?

अच्युतन: मला? काही नाही. ठणठणीत आहे.

मंडपात कुजबुज झाली. शंकुण्णीने मान डोलावली. पुस्तक वाचूनही नवरा ठणठणीत, म्हणजे दोष पुस्तकात नाही. म्हणजे जीप. पंकजाक्षीने मागे पाहिलं नाही.

माश: आरोपीचे वकील. काही विचारायचंय?

पंकजाक्षी: हो. अच्युतन, तुम्ही कधी वाचायचात?

अच्युतन: घाणा बंद करून घरी आलो की. उजेड असेतोवर.

पंकजाक्षी: सांजवेळी.

अच्युतन: सांजवेळीच म्हणा.

पंकजाक्षी: त्याआधी रोज त्या वेळी तुम्ही काय करत होतात?

अच्युतन: आंघोळ. मग हिला सांगायचो, वात लाव. गेला महिनाभर रोज सांगत होतो. कधी गोडीने, कधी ओरडून.

पंकजाक्षी: आणि पुस्तक हातात असताना?

अच्युतनने खांद्यावरच्या फडक्याने तोंड पुसलं. पंकजाक्षी थांबली नाही.

“सांगितलं का तेव्हा?”

“तेव्हा... नाही. लक्षात नाही राहिलं.”

“एकदाही?”

“तो माणूस आता उठेल, आता उठेल, असं वाटत होतं ना. मध्येच कुठे...”

“तेलवाल्याच्या लक्षात वात राहिली नाही!” मागून कुणीतरी ओरडलं. या वेळी हशा मोठा झाला. अच्युतन हसला नाही. तो स्वतःच्या पायाच्या अंगठ्याकडे बघत होता.

“मग अंधार पडला की काय व्हायचं?” पंकजाक्षीने विचारलं.

“अक्षर दिसेनासं व्हायचं. पुस्तक मिटायचो. ही तिथेच बसलेली. एक दिवस मीही तसाच बसलो. बराच वेळ बसलो.” त्याचा आवाज घाण्यावरचा राहिला नव्हता. “शेजारच्या घरी दिवा लागला, पलीकडे लागला, आमच्याकडे काळोख. मी वाट बघत होतो.”

“कसली?”

“कसली कोण जाणे. काहीतरी होईल, याची.”

“काय झालं?”

“काही नाही झालं,” अच्युतन म्हणाला.

मंडपात त्याचा अर्थ दोघींनाच कळला. पंकजाक्षीला आणखी एक प्रश्न विचारता आला असता. मग तुम्हाला भीती वाटली का? तो हो म्हणाला असता, तिला खात्री होती. पण ती भीती ज्या बाईची होती तिने सांगितलं होतं, वर न्यायचं नाही. एकाच्या तोंडून काढली असती तरी दोघांची उघडी पडली असती. प्रश्न तिने गिळला.

“मला पुढे विचारायचं नाही,” ती माशना म्हणाली. “आरोपी दोषी आहे.”

माशनी चष्मा काढला. “पंकजाक्षी, तू आरोपीची वकील आहेस.”

“माहीत आहे.”

“वकिलानेच असं म्हटलं तर...”

“मी वाचलंय, माश. अच्युतन सोडून तुमच्यापैकी कुणी ते पुरं वाचलेलं नाही, म्हणून मीच सांगते. घाणा चालवणाऱ्या धडधाकट माणसाला रोजची गोष्ट विसरायला लावतं ते पुस्तक. मग जिने दोनदा वाचलं, तिचं काय? बाईत काही शिरलेलं नाही. पुस्तक शिरलंय. आणि ती काही मागायला आली नव्हती. हलकं द्या, म्हणाली होती. मी हे दिलं.”

“का दिलंस?”

“मला कुणाशी तरी बोलायचं होतं त्याबद्दल.”

कॉम्रेड बालन कपाळाला हात लावून बसले. मागच्या रांगेत एक म्हातारी शेजारणीला म्हणाली, “एवढंच ना? मग गोष्ट तोंडी सांगायची होती की.”

निकाल असा

पुस्तक दोषी. कुलपाच्या कपाटात ठेवावं, बाहेर देऊ नये. घरोघरची पिशवी कार्यकारिणीचा पुढचा निर्णय होईपर्यंत बंद. पंकजाक्षीने वाचनालयात बसून कव्हरं घालावीत. माशनी निकाल वाचला, झगा काढला, त्याची घडी घातली आणि पहिल्यांदाच कलमाशिवाय एक वाक्य बोलले: “वाईट झालं.”

अच्युतनने मंडपातूनच जीपवाल्याला फोन केला. “मंगळवारचं रद्द. नाही, नाही, तब्येत ठीक आहे. पुस्तक होतं. हो, पुस्तक. तुला नाही कळणार, ठेव.”

पिशवी खिळ्याला

टांगली गेली. चार दिवसांत तिच्यावर कोळ्याने जाळं धरलं. पंकजाक्षीचा खांदा सवयीने कललेलाच होता, त्याला आता कारण राहिलं नव्हतं. दुपारी ती कव्हरं घालायची. संध्याकाळी पुरुष यायचे, कॅरमवर पावडर टाकायचे, तिच्याकडे जरा चोरूनच बघायचे. आयुष्यात आवडलेलं एकच पुस्तक तिने सगळ्या गावासमोर दोषी ठरवलं होतं, आणि ते तिच्या पाठीमागच्या कपाटात होतं. किल्ली तिच्याच कनवटीला.

सांज झाली होती. कॅरमचा आवाज एकदम थांबला, म्हणून तिने मान वर केली.

पायऱ्या चढून तंकमणी आत आली होती. आंघोळ केलेली, ओले केस, धुतलेलं नेसलेली. पेपर वाचणाऱ्यांनी पेपर वर धरले. बाकावरचे दोघे, कुणी न सांगता, सरकले. ती बसली नाही, पंकजाक्षीच्या टेबलापाशी येऊन उभी राहिली.

“ही वेळ आहे होय यायची?” पंकजाक्षीच्या तोंडून निघून गेलं.

“मला हीच वेळ मोकळी आहे सध्या.”

“घरी?”

“हे आहेत ओसरीवर. समई घासून ठेवून आलेय. त्यांना वाटलं तर लावतील. नाही वाटलं तर बसतील.” तिने खालचा ओठ आत ओढला. “झोप नाही लागत अजून, चेची. जीप गेली, पण ते नाही गेलं.”

“नाही जायचं ते लगेच.”

“पुस्तकाला दोषी म्हणालात तुम्ही.”

“हो.”

“खोटं बोललात.”

“अर्धं.”

“अर्धं कुठलं?”

पंकजाक्षीने हातातलं कव्हर दुमडायला घेतलं. मागे कॅरमची एक सोंगटी हळूच, मारल्याशिवायच, खिशात ढकलली गेली.

“बरं ते जाऊ दे,” तंकमणी म्हणाली. “मला एक सांगा. त्याने पाय पाण्यात घातला की नाही?”

“कुणी?”

“त्या बसलेल्या मेल्याने! शेवटच्या पानावर.”

पंकजाक्षीने खुर्ची मागे सारली. कनवटीची किल्ली काढली. कॉम्रेड बालननी पेपरच्या वरून पाहिलं, काहीतरी म्हणायला घेतलं आणि पेपर पुन्हा वर धरला. कपाट उघडलं. वाळवीच्या औषधाचा वास आला.

“बाहेर द्यायचं नाही असा निकाल आहे,” ती म्हणाली. “इथे बसून बघ. घातला पाय. स्पष्ट आहे ते. थंडी वाजली असं लिहिलंय त्याने.”

“थंडी वाऱ्याने वाजली. वारा सुटला होता, मागच्याच ओळीत आहे. काढा पान.”

“वारा सकाळी होता.”

“काढा म्हटलं ना पान. आणि सरका जरा, उजेड अडतोय.”